चार लाख ग्रॅम

गाडीचे बूड स्पीडब्रेकरला घासले तेव्हा गाडीत घरातली चारच माणसे होती, आणि सामान म्हणून एक पर्स. आवाज असा झाला की रस्त्याच्या कडेला झोपलेले कुत्रे उठून उभे राहिले. चिरंजीवांनी गाडी थांबवली, उतरून वाकून पाहिले, परत येऊन बसले आणि कोणालाच उद्देशून नाही अशा बेताने म्हणाले, "मागे भार जास्त होतोय."

मागे अक्का बसली होती. शेजारी चिरंजीवांची आईही होती, पण ती शाळेच्या कचेरीत कारकून होती आणि दिसायलाही पेन्सिलीसारखी होती. अक्का मात्र चारी बाजूंनी गोल. गुडघे गेल्यापासून तिचे चालणे थांबले होते आणि चालणे थांबल्यापासून गोलाई वाढत गेली होती. चिरंजीवांचे वाक्य कोणाच्या पदरात पडले हे सांगायला नको. घर येईपर्यंत अक्का खिडकीबाहेर बघत राहिली, आणि गाडीतून उतरताना नेहमीसारखा कोणाचाही हात धरला नाही.

गाडी चिरंजीवांच्या वडिलांची, म्हणजे गुंजभाऊंची. गुंजभाऊ हे त्यांचे खरे नाव नव्हे. गुंज म्हणजे ते लाल-काळे बी, जुने सोनार ज्याने सोने तोलायचे. गुंजभाऊ सोनारच होते, आणि अख्ख्या बाजारात असे म्हणत की हा माणूस शिंकला तरी त्यात एक गुंज कमी नाही की जास्त नाही. दुकानातल्या काट्याचे तोंड त्यांनी जन्मात स्वतःकडे केले नव्हते. काटा नेहमी गिऱ्हाइकाकडे वळलेला, म्हणजे आकडा आधी त्याला दिसावा. 'अंदाजे', 'साधारण', 'थोडंफार' हे शब्द त्यांनी दुकानात बंदच करून टाकले होते. "थोडंफार म्हणजे काय?" ते विचारत. "थोडं गिऱ्हाइकाचं आणि फार सोनाराचं."

त्या संध्याकाळी अक्काने चहाचा कप खाली ठेवला आणि सरळ सांगितले, "रविवारी तुम्ही तिघं जा. मशीन तेवढी न्या माझी. मला चढाचा रस्ता सोसत नाही."

रविवारी लेकीकडे जायचे होते. लेकीने डोंगरावरच्या गावी नोकरी धरली होती, तिथेच स्वतःचे छोटे घर घेतले होते, आणि सगळ्यांना पहिल्यांदाच जेवायला बोलावले होते. अक्का म्हणजे गुंजभाऊंची थोरली बहीण. तिने उभा जन्म कपडे शिवून काढला, आणि आई-बाप दोघे कामावर असताना लेक वाढली ती अक्काच्या शिलाई मशीनच्या पायांमध्ये, मशीनचा आवाज ऐकत झोपून. आता अक्काला सुईत दोरा दिसत नव्हता. मशीन लेकीला द्यायची, आणि ती आपल्या हाताने तिच्या घरात मांडायची, एवढीच तिची हौस होती. मशीन न्या आणि मला ठेवा, हे अक्का म्हणत होती म्हणजे तिला किती लागले असेल ते गुंजभाऊंना कळले. अक्काशिवाय लेकीच्या दारात उभे राहायचे कोणत्या तोंडाने, हेही कळले.

दुसऱ्या दिवशी दुकान उघडण्याआधी ते गाडीपाशी गेले. गाडी वीस वर्षांची. लेक दप्तर घेऊन जायची तेव्हापासून ती घरात होती, आणि तिच्याविषयी घरात एकच तक्रार होती, ती म्हणजे डिकी उथळ आहे. दोन पिशव्या ठेवल्या की झाकण लागत नसे. गुंजभाऊंनी चारी दारे उघडली, आत-बाहेर पाहिले, आणि ड्रायव्हरच्या दाराच्या चौकटीत, धुळीच्या थराखाली, एक पत्र्याची पट्टी त्यांना दिसली. सोने चमकवायची मऊ फडकी खिशात असतेच. त्या फडकीने पट्टी पुसली, डोळ्याला भिंग लावले, आणि ते जागच्या जागी थक्क झाले.

सगळ्या माणसांसकट, सगळ्या सामानासकट गाडीचे वजन जास्तीत जास्त किती व्हावे, ते पट्टीवर कोरले होते. बाराशे पंचवीस किलो. गाडीबरोबर आलेली पुस्तिका सांगत होती की रिकामी गाडी आठशे पंचवीस. म्हणजे उरले चारशे.

"चारशे किलो," ते घरात येऊन म्हणाले. "चार लाख ग्रॅम."

बायको डबा भरत होती. "कशाचे?"

"आपली गाडी उचलते. चार लाख ग्रॅम! तिने आपल्याला वीस वर्षांपूर्वीच सांगून ठेवलं होतं, दारावर लिहून. आपण रोज दार उघडलं आणि कोणी वाचलं नाही."

ज्या माणसाच्या दुकानात वर्षाच्या मोठ्यात मोठ्या कामाचे वजन एका वाटीभर दह्याइतके नसते, त्याला चार लाख ग्रॅम ही काय चीज वाटली असेल ते त्यालाच ठाऊक. त्या दिवसापासून गुंजभाऊ गाडीकडे वेगळ्याच नजरेने बघू लागले. दार लावताना ते आता आपटेनात.

मग हिशेब सुरू झाला. तो चोख झाला म्हणजे अक्काला दाखवता येईल की तुझी जागा आहे, चांगली ऐसपैस आहे, असा त्यांचा बेत होता. माणसांसाठी औषधवाल्याकडून उभे राहायचा काटा मागून आणला. सामानासाठी दुकानातला काचेच्या पेटीतला काटा घरी आणला, तो अर्ध्या किलोच्या पुढे जात नाही म्हणून प्रत्येक वस्तू सुटी तोलली. एक चप्पल, मग दुसरी चप्पल. छत्री तिरकी धरून. बायकोच्या साड्या घड्या मोडून तोलाव्या लागल्या तेव्हा ती काही बोलली नाही, पण त्या रात्रीची भाजी बेचव झाली. मशीनचे लोखंडी पाय आणि वरचे डोके औषधवाल्याच्या काट्यावर चढले. गुंजभाऊ आकडे सांगत होते आणि चिरंजीव फोनवर बेरीज करत होते.

"टॉर्च, एकशे नव्वद ग्रॅम. अक्काच्या गोळ्या, बावीस. डिकीतला दुकानाचा केर, चार ग्रॅम. टॉवेल, तीनशे दहा."

चिरंजीवांनी चार टाकले आणि पुढे तीनशे दहा टाकले. बापाच्या धंद्यात केरालाही मान असतो हे त्यांना लहानपणापासून माहीत होते.

अक्का मात्र काट्यावर उभी राहीना. "माझा अंदाज घे," ती म्हणाली.

"अंदाज कसा घेऊ?"

"डोळ्यांनी. तुला दोन आहेत."

आता अंदाज ही गोष्ट गुंजभाऊंच्या हाताला माहीत नव्हती. पण एक गोष्ट वजाबाकीने काढता येत होती, आणि ती त्यांनी त्या रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या काढली. गाडी चारशे किलो सुखाने उचलते, असे पट्टी म्हणते. पट्टी खोटे कशाला बोलेल? तिला काय गिऱ्हाईक फसवायचे आहे? त्या दिवशी गाडीत आपण तिघे मिळून एकशे चौऱ्याण्णव होतो. तरी बूड घासले, म्हणजे चारशे ओलांडले होते. मग उरलेले दोनशे सहा किलो कोण?

गुंजभाऊ अंथरुणात उठून बसले. शेजारच्या खोलीत अक्का शांत घोरत होती.

दोनशे सहा, आणि तेही कमीत कमी. त्यांना भीती वाटली नाही, राग तर नाहीच नाही. त्यांना आश्चर्याने नुसते भरून आले. सोनेसुद्धा असेच असते, त्यांनी मनात म्हटले. दिसायला एवढेसे, आणि हातात घेतले की हात खाली जातो. इतकी वर्षे शेजारच्या खोलीत राहणारी बहीण अशी भरीव असेल, हे त्यांच्या स्वप्नातही आले नव्हते.

पुढचे दोन-तीन दिवस ते अक्काला बघून थक्क होत राहिले. ती खुर्चीवर बसली की खुर्ची मोडत नाही, याचा त्यांनी सुताराला निरोप देण्याइतका आदर केला. तिच्या पलंगाखाली त्यांनी एका बाजूला दोन विटा सरकवल्या. ती जिना उतरताना ते खालच्या पायरीवर हात पसरून उभे राहत आणि मग आपण काय करतो आहोत ते लक्षात येऊन बाजूला होत. त्यांना वाटत होते, हे कोणाला कळत नाही.

"माझ्या खुर्चीखाली वाकून काय बघतोस?" अक्काने विचारले.

"काही नाही. लाकूड चांगलं आहे."

अक्का त्यांच्याकडे बघत राहिली. मग तिने मान फिरवली, आणि पदराने डोळे नाही, चष्मा पुसला. त्या रात्री ती जेवली अर्धीच. काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात तसे चालले होते, पण काखेत काय आहे ते अजून कोणालाच दिसत नव्हते.

शनिवारी लेकीचा फोन आला. आत्या येत नाही असे चिरंजीव बोलून गेले, तेव्हा लेकीने एकच सांगितले की आत्या नसेल तर मशीनही आणू नका, मला फक्त लोखंड नको आहे. फोन स्पीकरवर होता. अक्का स्वयंपाकघराच्या दारात आली आणि म्हणाली, "माझी निळी साडी कुठे आहे?"

रविवारी सकाळी गाडी भरली. मशीनचे पाय डिकीत बसेनात, ते टपावर बांधले. डोके बायकोच्या मांडीवर आले. अक्का मागे बसली तेव्हा गुंजभाऊंनी श्वास रोखला. गाडीने मागून एक मोठा सुस्कारा टाकला आणि ती बसली ती बसलीच. स्पीडब्रेकर आला की चिरंजीव गाडी तिरकी घेत, तरी ती घासत होती, आणि प्रत्येक घासण्याला अक्काचा चेहरा आणखी बारीक होत होता. पुढे डोंगराचा चढ होता. असे जाणे बरे नाही हे सगळ्यांना कळत होते.

गावाबाहेर लाकडाची मोठी वखार होती. "इथे घे," गुंजभाऊ एकदम म्हणाले. "लेकीसाठी एखादी फळी बघू."

फळी बघायची नव्हती. वखारीत वजनकाटा होता, ट्रकसाठीचा, जमिनीत बसवलेला. सगळे बसलेले असतानाच गाडी काट्यावर घालायची, आकडा बघायचा, वजाबाकी करायची आणि अक्काला काही कळू द्यायचे नाही, हा त्यांचा रात्रभर घडवलेला डाव होता. फाटकातच एवढा खड्डा होता की गाडीचे बूड त्यात धप्पकन टेकले. काटेवाला आपल्या खोलीच्या खिडकीत बसून शेंगा सोलत होता. "मालकाला वर्ष झालं सांगतोय, खड्डा भर म्हणून," त्याने नमस्काराऐवजी सांगितले.

काट्यावर त्या वेळी ओंडक्यांनी भरलेला एक ट्रक उभा होता. खिडकीवरच्या पेटीत तांबडे आकडे पेटले होते: चोवीस हजार सहाशे. गुंजभाऊ गाडीतून उतरले आणि नुसते बघत राहिले. एवढे मोठे वजन त्यांनी आजवर ऐकले होते, पाहिले नव्हते. जमिनीखालून कोणीतरी एका तळहातावर तो ट्रक उचलून धरला होता आणि त्याचा हात जराही हलत नव्हता.

"कमीत कमी किती दाखवतो हा?" त्यांनी हळूच विचारले.

"दहा किलो."

"आणि दहाच्या आत?"

"दहाच्या आत काही नसतं," काटेवाला म्हणाला आणि त्याने एक शेंग फोडली.

गुंजभाऊंचे दुकान, त्यांच्या बापाचे दुकान, लेकीच्या लग्नासाठी ठेवलेले, बाजारातल्या सगळ्या बायकांच्या गळ्यांतले आणि कानांतले सोने, सगळे त्या 'काही नसतं'मध्ये जमा होत होते. त्यांना वाईट वाटले नाही. त्यांना त्या काट्याला नमस्कार करावासा वाटला.

ट्रक गेला, गाडी चढली. "भंगारात घालायची का?" काटेवाल्याने सहज विचारले. आकडे थोडे डुगडुगले आणि स्थिर झाले. गुंजभाऊही आत बसायला हवे होते, ते आठवून ते धावत जाऊन बसले, आणि आकडा झाला तेराशे चाळीस.

परवानगीहून शंभरेक किलो जास्त. गुंजभाऊंनी मनात वजाबाकी केली. गाडी, आपण तिघे, चपला-छत्रीपासून मशीनपर्यंत सगळे सामान. ते सगळे वजा जाऊन अक्काच्या वाट्याला आले दोनशे एक्कावन्न. त्यांनी पुढच्या सीटवरून मान मागे वळवली आणि बहिणीकडे असे पाहिले, जसे कोणी पहिल्यांदा समुद्राकडे बघते.

"फळी बघायची होती ना?" अक्का म्हणाली.

"हो. तू... जरा पाय मोकळे करतेस का?"

अक्काला सगळे कळले होते. गाडी काट्यावर उभी आहे हे न कळायला ती काही लहान नव्हती. तिने दाराला धरून एक पाय खाली टाकला, मग दुसरा, आणि ती काट्यावरून उतरून बाजूला जाऊन उभी राहिली, पाठ करून. चिरंजीव आणि त्यांची आई काचेतून खिडकीवरच्या आकड्याकडे माना वर करून बघू लागले. आणि तेव्हा गुंजभाऊंनी जन्मात केली नव्हती ती गोष्ट केली. ते गाडीतून उतरले, धावले, आणि दोन्ही हात पसरून त्या पेटीसमोर आडवे उभे राहिले. ज्या माणसाने काट्याचे तोंड कधी गिऱ्हाइकापासून फिरवले नाही, त्याने आज काटा झाकला.

"अहो, बाजूला व्हा," काटेवाला म्हणाला.

"नाही होणार."

मान वळवून त्यांनी एकट्यानेच आकडा पाहिला. स्वतःचे वजन मनात मिळवले, आणि वजाबाकी केली. तो आकडा त्यांनी पुढे कोणाला सांगितला नाही, तेव्हा इथेही तो सांगणे बरे नाही. एवढे म्हणता येईल की तो चिरंजीवांच्या वजनापेक्षा कमी होता, आणि चिरंजीव रोज व्यायामशाळेत जात.

गुंजभाऊंचे हात खाली आले. खुर्ची, विटा, जिना, सगळे एकदम डोळ्यांसमोर आले. दोनशे एक्कावन्न किलोंची बहीण पाण्यात पडलेल्या खड्यासारखी नाहीशी झाली होती, आणि गाडी मात्र जड ती जडच होती.

"सगळे उतरा," ते म्हणाले.

सगळे उतरले. मशीनचे डोके उतरले, टपावरचे पाय सोडले, पिशव्या, टॉर्च, छत्री खाली आली. काट्यावर उघडी, रिकामी गाडी राहिली, आणि पेटीत आकडा होता एक हजार दहा.

"पुस्तिकेत आठशे पंचवीस आहे," गुंजभाऊ म्हणाले. "काटा बिघडलाय."

"सकाळपासून नऊ ट्रक गेले," काटेवाल्याने शांतपणे सांगितले. "काटा ठीक आहे. गाडीत काहीतरी राहिलंय."

"काही नाही. रिकामी आहे."

अक्का इतका वेळ गप्प उभी होती. आता ती हळूहळू चालत गाडीच्या मागे गेली, डिकी उघडली, आणि तिचा कपडे शिवून मुरलेला हात तळाला अंथरलेल्या सतरंजीवरून फिरला. कापडाखाली काय आहे हे तिच्या हाताला पन्नास वर्षे कळत आले होते. तिने सतरंजी उचलली. खाली गोण्या होत्या. एकीला एक चिकटून, दाबून बसवलेल्या, तोंडे सुतळीने शिवलेल्या. दोन सीटखालीही निघाल्या. काटेवाला तेवढ्यात चहा सांगायला पलीकडे गेला होता.

"हे काय रे?"

"केर," गुंजभाऊ म्हणाले. "दुकानाचा."

सोनाराच्या दुकानातला केर कोणी टाकत नाही. घासताना, कापताना सोन्याचा कण उडतो, तो जमिनीवर पडतो, झाडताना धुळीत जातो. सोने वितळवायच्या मुशीचे तुकडे, कोळशाची राख, पायपुसणीची धूळ, सगळे साठवायचे आणि झारेकऱ्याला द्यायचे. तो ते धुऊन त्यातले सोने काढतो. गुंजभाऊंचे कोणत्याच झारेकऱ्याशी जमले नाही, कारण प्रत्येक जण केरातले सोने अंदाजाने सांगे. घरात बायको धूळ ठेवू देईना. म्हणून त्यांनी तात्पुरती एक गोणी डिकीत ठेवली होती, लेक दप्तर घेऊन जायची त्या काळात. मग दुसरी. मग वर सतरंजी घातली.

"म्हणजे डिकी उथळ नाहीये?" बायको म्हणाली. तिचा आवाज फार शांत होता. "वीस वर्षं मी पिशव्या मांडीवर घेऊन बसतेय."

"आणि हिशेबात किती धरलास हा?" अक्काने विचारले.

गुंजभाऊंनी चपलांकडे पाहिले. "चार ग्रॅम."

"हे?"

"यातलं सोनं, कामातली घट मोजून. बाकीचा केरच तर आहे, अक्का. केराचं काय वजन धरायचं?"

मग चिरंजीव एका ओंडक्यावर बसले आणि पोट धरून हसू लागले, त्यांच्या पाठोपाठ त्यांची आई, आणि सगळ्यात शेवटी अक्का हसली, अशी हसली की तिला गाडीला धरावे लागले. कान सोनारानेच टोचावे म्हणतात, पण सोनाराचे कान टोचायला त्याची बहीण लागते.

हसून झाल्यावर ती भावासमोर येऊन उभी राहिली. "आणि तू आडवा कशाला उभा राहिलास त्या काट्यासमोर? माझं वजन मला गुडघे रोज सांगतात." पण असे म्हणताना तिने त्यांच्या शर्टाची बटणे सरळ केली, लहानपणी शाळेत पाठवताना करायची तशी. "चुकलो, अक्का," ते म्हणाले. "वजनात आयुष्य गेलं, आणि तुलाच चुकीचं तोललं."

गोण्या खाली काढल्या. एकेक गोणी निघाली तशी गाडी मागून वर आली, हळूहळू, गुडघ्यांवर हात टेकून उठणाऱ्या म्हाताऱ्यासारखी, आणि शेवटची निघाली तेव्हा तिच्या चाकांच्या वर एवढी जागा दिसली की कोणी ती कधी पाहिलीच नव्हती. गुंजभाऊ बघतच राहिले. एवढे वजन घेऊन ही लेकीला शाळेत सोडत होती, परीक्षेला नेत होती, दवाखान्यात नेत होती, आणि एका शब्दाने बोलली नव्हती.

आता प्रश्न गोण्यांचा होता. "तुम्ही जा," गुंजभाऊ म्हणाले. "मी इथे बसतो. यात सोनं आहे, असं टाकून कसं..."

"मग मीही बसते," अक्का म्हणाली. "लेकीला सांगू, बाप केर राखतोय आणि आत्या बापाला राखतेय."

ती खरोखरच एका गोणीवर बसली. गुंजभाऊंनी गोण्यांकडे पाहिले, अक्काकडे पाहिले, डोंगराकडे पाहिले. काटेवाला चहा घेऊन परत आला होता; मग ते त्याच्या खिडकीशी गेले. संध्याकाळपर्यंत या इथेच राहू द्या, त्यांनी विनंती केली. आत काय आहे म्हणून त्याने विचारले. खरे सांगावे तर राखण करणाऱ्यावरच राखण ठेवावी लागेल.

"काही नाही," ते म्हणाले. "केर आहे नुसता."

गाडी डोंगर चढली ती पोरीसारखी. अक्का आता पुढे बसली होती, खिडकी उघडून. एकाही वळणावर बूड घासले नाही, आणि डिकी इतकी खोल निघाली होती की मशीनचे पाय आत मावून वर पिशव्या राहिल्या. वर लेक दारातच उभी होती. अक्काने मशीन खिडकीपाशी मांडली, पट्टा चढवला, आणि सुईत दोरा लेकीने ओवला. पहिली शिवण घालताना मशीनचा तोच जुना आवाज निघाला, तेव्हा लेक जेवणाचे ताट तसेच ठेवून मशीनच्या पायांपाशी जमिनीवर येऊन बसली. गुंजभाऊंनी त्या आवाजाचे वजन करून पाहिले. त्यांना ते जमले नाही.

उन्हे कलताना गाडी वखारीच्या फाटकात शिरली. गुंजभाऊ सीटला घट्ट धरून बसले, खड्ड्याचा धक्का बसेल म्हणून. धक्का बसला नाही. गाडी अलगद आत गेली.

काट्याच्या खोलीबाहेर रिकाम्या गोण्या नीट घड्या घालून ठेवल्या होत्या. काटेवाला हात पुसत बाहेर आला, आणि त्याच्या चेहऱ्यावर सत्कर्म केल्याचे समाधान होते. "दुपारी मोकळा होतो," तो म्हणाला. "म्हटलं, यांचा केर आहे आणि माझा खड्डा आहे. घातला, वर पाणी मारलं, आणि सहा ट्रक नेले वरून. काय बसलाय बघा. गोण्या तेवढ्या ठेवल्यात तुमच्या."

बायकोने अक्काचा हात धरला. चिरंजीवांनी इंजिन बंद केले. गुंजभाऊ गाडीतून उतरून फाटकापाशी गेले. खड्डा होता तिथे आता काळी-करडी, टणक, सपाट जमीन होती, आणि तिच्यावर ट्रकच्या चाकांचे ठसे होते. उतरते ऊन तिच्यावर तिरके पडले होते. ते वाकले, खिशातून भिंग काढले, डोळ्याला लावले, आणि बराच वेळ तसेच राहिले. मग त्यांनी भिंग खिशात ठेवले, आणि चप्पल काढून, ज्या जमिनीवर उभे होते ती एकदा पायाने दाबून बघितली. वीस वर्षांचे दुकान पायाखाली होते, आणि त्याच्यावरून लाकडे घेऊन जग ये-जा करणार होते.

परत येऊन ते मागच्या सीटवर बसले. गाडी त्या सपाट जागेवरून बाहेर पडली तेव्हा तिने हूं की चूं केले नाही. पुढून अक्काने मान वळवली. तिला वाटत होते की भाऊ आता चार दिवस जेवणार नाही.

"खरंच चारच ग्रॅम होतं का रे त्यात सोनं?" तिने हळूच विचारले.

गुंजभाऊ खिडकीबाहेर बघत होते.

"असेल," ते म्हणाले, "थोडंफार."